मासे वर आले

तांबडं फुटलं तेव्हा तलावातले सगळे मासे वर आलेले होते. पाण्याबाहेर नुसती तोंडं दिसत होती, उघडमीट करणारी. मातीच्या पाळीवर उभ्या असलेल्या यादोरावला त्यांचा आवाजही ऐकू येत होता. तान्ही लेकरं दूध पिताना करतात तसला, पण अख्ख्या तलावभर.

यादोराव ढिवर होता. लाखनीजवळच्या या गावतलावात त्याच्या घरचं जाळं पिढ्यान्‌पिढ्या पडत आलं होतं. पण असं दृश्य त्यानं कधी पाहिलं नव्हतं.

त्र्याऐंशी सालचा ज्येष्ठ निम्मा सरला तरी पाऊस नव्हता. आभाळ नुसतं भरून राहिलेलं, वारा पडलेला. तलावात कमरेएवढंच पाणी उरलं होतं आणि त्यावर हिरवी साय इतकी दाट धरली होती की खाली ऊन उतरत नव्हतं. तळाचं पाणगवत कुजून काळं पडलं होतं. वरच्या अंगाला उन्हाळी धान सुरू झाल्यापासून बांध्यांतलं युरियाचं पाणी निथळून तलावात येत होतं, आणि दर साली ही साय आधीपेक्षा लवकर धरत होती.

मागून त्याची बायको चंद्रभागाबाई आली. तिनं पाण्याकडे पाहिलं आणि कोणी विष टाकलं का, असं विचारलं. यादोराव नाही म्हणाला. विषानं मासे उताणे झाले असते. यांचा सायीखाली दम कोंडला होता.

उजाडेपर्यंत गावभर झालं. माणसं टोपल्या घेऊन आली, बाया जुनी लुगडी घेऊन आल्या. जत्रेसारखी गर्दी झाली. यादोराव एकेकाला सांगत फिरला, की जरा थांबा, ऊन पडू द्या, पाण्याला दम येईल, कदाचित सावरतील. कोणी त्याच्याशी भांडलं नाही. मरणारच आहेत तर कावळ्यांनी कशाला खायचे, एवढंच ते म्हणाले.

यादोराव तडक भोजराजच्या शेतावर गेला. तलावाच्या वरच्या काठाला भोजराजचं डिझेल इंजिन होतं. तेच तलावाचं पाणी उचलून त्याच्या धानाला द्यायचं. धान कापून झालं होतं, इंजिन बंद पडून होतं.

"भोजराजभाऊ, पाइप तलावाकडं फिरवा," यादोराव म्हणाला. "पानी उचावून पडू द्या. तेवढा तरी दम भेटंल त्याइले."

भोजराज लगेच उठला. अनवाणीच आला. पाइपाचं तोंड त्यानं स्वतः दोन लाकडी बेळक्यांवर उंच टेकवलं आणि हँडल मारलं.

पाणी धो धो करत तलावात पडू लागलं. पडलं तिथली हिरवी साय फाटली, पांढरा फेस आला. थोड्या वेळानं लांबची तोंडं वळली. मग चहूबाजूंनी मासे त्या धारेकडे येऊ लागले. एकमेकांच्या अंगावर चढत ते धारेखाली शिरले, आणि काही तर चक्क बुडी मारून शेपटी आपटत पुन्हा वर आले. यादोराव हसला. भोजराजनं सांगितलं, की इंजिन संध्याकाळपर्यंत चालू ठेवतो, मी इथंच बसतो.

तेवढ्यात लोकांच्याही ते ध्यानात आलं. मासे एका जागी गोळा झालेले असताना सारा तलाव कशाला तुडवायचा? टोपल्या धारेखाली आल्या.

यादोराव ओरडला, पण इंजिनाच्या आवाजात त्याचं कोणाला ऐकू गेलं नाही. तो पाण्यात उतरला आणि शेजारच्या सत्यभामाबाईचं मनगट त्यानं धरलं. तिनं हात सोडवून घेतला नाही. त्याच्या कानाशी येऊन ती बोलली, "माह्या टोपलीतलं सोडलं त दुसऱ्याच्या टोपलीत जाईल, दादा."

त्यानं तिचा हात सोडला. काठावर येऊन इंजिन बंद केलं.

भोजराज उठून उभा राहिला. यादोराव त्याच्याकडे न पाहताच म्हणाला, "मले वाटलं, दम देऊन राहिलो. मी त गोळा करून देऊन राहिलो होतो."

धार थांबली तरी मासे तिथून हलले नाहीत. रिकाम्या पाइपाखाली तोंडं वर करून राहिले. लोकांनी टोपल्या भरल्या, लुगड्यांची गाठोडी बांधली आणि ते घरोघर गेले. त्यानंतर ढग पांगले आणि लख्ख ऊन पडलं. तोवर काठाकाठानं पांढरी पोटं तरंगायला लागली होती. बगळे आले, पण तेही यादोरावसारखे पाळीवरच बसून राहिले.

भोजराज बराच वेळ पाइपाजवळ बसला होता. जाताना त्यानं विचारलं, की पुढच्या सालीही असंच होईल का. त्यासाठी मासे लागतील, असं यादोराव म्हणाला. भोजराज मान खाली घालून गेला.

चंद्रभागाबाईनं सकाळपासून पाण्याला पाय लावला नव्हता. आता ती लुगडं खोचून आत गेली. काठाजवळ एक मोठी मासोळी कुशीवर पडली होती, कल्ले अजून हलत होते. तिनं ती दोन्ही हातांनी उचलली. पोटाखाली अंगठा लागला तशी पिवळी अंडी ओघळून तिच्या मनगटावर आली.

"अजी," ती म्हणाली, "पोटुशी हाय."

यादोराव पाळीवरून उठला नाही. "सोड तिले," तो म्हणाला.

तिनं एकदा सगळ्या तलावावरून नजर फिरवली. मासोळी तशीच हातात धरून ती उभी राहिली.

"कुठी सोडू?"