चुलीवरचा चहा

शहरातून परतलेल्या थोरल्याने गावच्या घरात पाहुण्यांची सोय सुरू केली. त्यांना अस्सल खेडं दिसावं म्हणून त्याने आईचा गॅस आणि पंखा गोठ्यात नेऊन टाकला आणि तिला पुन्हा चुलीपुढे बसवलं. धुराने तिचे डोळे वाहू लागले, तर एक पाहुणीबाई गहिवरून म्हणाल्या, “मावशी किती हळव्या आहेत!”

दुसऱ्या दिवशी चहाची वेळ टळून गेली तरी चूल थंडच. थोरला शोधत गोठ्यात गेला. आई पंख्याखाली पाय पसरून, गॅसवर केलेला चहा भुरके मारत पीत होती.

“आई, अगं पाहुणे खोळंबलेत! एवढ्या लांबून गावचा अनुभव घ्यायला आलेत ते.”

“मग चूल त्यांनाच फुंकू दे,” आई म्हणाली. “माझा अनुभव घेऊन झालाय.”