तळहातावरची तंबाखू

भुपालने चुना लावून तंबाखू मळली, थापटली आणि नेहमीप्रमाणे न बोलता तळहात थोरल्या भावापुढे, तवनाप्पापुढे धरला.

बांधाची भानगड कोर्टात गेल्यापासून दोघांत अबोला होता. पण शेजारच्याला न देता तंबाखू एकट्याने तोंडात टाकणं त्या तंबाखू पिकवणाऱ्या गावात रीतीला धरून नव्हतं, मग शेजारचा वैरी का असेना. त्यामुळे रोज संध्याकाळी वखारीच्या कट्ट्यावर चिमूटभर भाऊपण शिल्लक राहिलं होतं. तंबाखूपेक्षा तेच सुटायची तवनाप्पाला धास्ती होती.

तरी त्याने नकारार्थी मान हलवली.

"का गा अण्णा, माझ्या हातची चालंना व्हय आता?" भुपाल उसळला. अबोल्यातलं हे पहिलंच वाक्य.

तवनाप्पाने आ केला. गालाच्या आत पांढरा चट्टा होता. "डॉक्टर म्हणतोय, आत्ताच सोड. अजून वेळ गेली नाही."

सातबारा वाचावा तसा भुपाल भावाच्या तोंडात बघत राहिला. मग त्याने तळहात झटकला.

"आता हितं बसून करायचं काय?" तवनाप्पाने भीतभीतच विचारलं.

"उद्या शेंगा भाजून आणतो," भुपाल म्हणाला. "गूळ तू आण."