उरलेले तीन सामने

बंगळूरच्या बास्केटबॉल टीमने रेणूला घेतलं तेव्हा लाखनीत तिचा बाप मोतीलाल एवढंच म्हणाला होता, "चड्डी घालून उड्या मारासाठी एवढ्या दूर कायले जातेस?" त्यामुळे यंदा लीगचे तीनच सामने उरले असताना तो आपणहून फोन करू लागला, तेव्हा तिला आभाळ ठेंगणं झालं.

"आता कोनासंग हाये?"

"चेन्नईसंग, बाबा."

"तगडी हाये का टीम?"

"पहिल्या नंबरावर हाये."

"मंग बरं हाये."

बापाचा आपल्यावर एवढा भरवसा आहे, हे रेणूला आजवर ठाऊकच नव्हतं. तिन्ही सामने जिंकले तरच प्लेऑफ, नाहीतर दिवाळीनंतर भरणाऱ्या मंडईच्या जत्रेला ती गावात. हे गणितही त्याला तोंडपाठ झालं होतं.

तिन्ही जिंकले. शेवटचा तर तिनेच टाकलेल्या बास्केटवर. बॉल काखेत धरून घामेजल्या हातानेच तिने फोन लावला.

"बाबा, प्लेऑफमधी पोचलो आमी. आता मंडईले येनं नाही होत."

पलीकडून मोतीलालचा बसका आवाज आला.

"तुमी हरानच असं समदे सांगत होते, पोरी. म्हनून तं मी शब्द देऊन बसलो. मंडईच्या दिवशी तुहं साक्षगंध हाये. पोराकडच्या पावन्यायले सांगूनही झालं."

काखेतला बॉल निसटला आणि टप्पे घेत दूर गेला. तो थांबेपर्यंत रेणू नुसती पाहत राहिली. मग तिने विचारलं,

"कोनासंग?"