उंबऱ्यावरचं रडणं

सिनेमा संपला तरी ताई पडद्याकडेच बघत बसली. एडिटिंगच्या त्या लहानशा खोलीत तिघंच होती: ताई, तिचा दिग्दर्शक भाऊ आणि त्याचा एडिटर. एडिटरला सगळे कात्री म्हणत, कारण कुणाच्या कितीही लाडक्या शॉटची तो गय करत नसे. त्याने दिवा लावला आणि तो चहा सांगायला निघाला. ताई म्हणाली, चहा राहू दे.

भावाचा हा पहिलाच सिनेमा. आपल्या भाषेतला, ओळखीपाळखीची माणसं गोळा करून काढलेला. सासर सोडून माहेरी परत आलेल्या बाईची गोष्ट. ती बाई कोण, हे घरात कुणी विचारलं नव्हतं आणि त्यानेही सांगितलं नव्हतं. पण महोत्सवाला पाठवण्याआधी ताईला दाखवल्याशिवाय त्याला राहवेना.

ज्यांनी ज्यांनी पाहिला, ते एकाच प्रसंगाबद्दल बोलत होते. बाई उंबऱ्यावर बसते आणि हमसून हमसून रडते. ते बघून निर्मात्याच्या डोळ्यांत पाणी आलं होतं. त्याच प्रसंगाच्या जोरावर त्याने भावाला पुढचा सिनेमा देऊ केला होता. मोठ्या भाषेतला, नावाजलेल्या नटीचा.

कसा वाटला, असं भावाने विचारलं. ताई म्हणाली, चांगला झालाय, घर अगदी आपल्या घरासारखं दिसतं, नटीही गुणाची आहे.

"पण त्या दिवशी मी रडले नव्हते रे."

"ताई, मला आठवतंय. मी आतल्या खोलीत होतो. रडण्याचा आवाज येत होता."

"ती आई. मला नुसती भूक लागली होती. आदल्या दिवसापासून पोटात काही नव्हतं. आई रडत होती आणि मी तिच्यासमोर बसून जेवत होते."

तेव्हा तो दुसरीत होता. दाराआडून ऐकलेलं ते रडणं इतकी वर्षं त्याने ताईचंच धरलं होतं, आणि त्यावरच हा सिनेमा उभा केला होता. त्याचा चेहरा बघून ताई म्हणाली, अरे, सिनेमा आहे, तुला हवं ते दाखव, माझं काही म्हणणं नाही.

इतका वेळ मान खाली घालून बसलेला कात्री खाकरला. रडण्याचा प्रसंग घेतला त्या दिवशी जेवणाच्या सुट्टीत नटी त्याच कपड्यांत उंबऱ्यावर ताट घेऊन बसली होती, त्याने सांगितलं. कॅमेरामन प्रकाश बघत होता आणि कॅमेरा चालू राहिला होता. तो तुकडा त्याने टाकलेला नव्हता.

भाऊ बाहेर पॅसेजमध्ये गेला आणि त्याने निर्मात्याला फोन लावून रडण्याच्या जागी जेवण घालायचं म्हटलं. निर्माता चिडला नाही. रडणारी बाई लोकांना लगेच कळते, तो म्हणाला, जेवणारी कळायला वेळ लागतो, आणि तेवढा वेळ कुणाकडे नसतो. रडणं काढायचं तर काढ, सिनेमा तुझा आहे. पुढच्या सिनेमाचं मग आपण निवांत बघू.

त्या 'निवांत'चा अर्थ भावाला कळला. फोन ठेवून तो आत आला आणि कात्रीला म्हणाला, लाव.

पडद्यावर बाई उंबऱ्यावर बसून जेवत होती. आवाज नव्हता. मधेच ती घास हातात धरून कुठेतरी बघत राही, मग पुन्हा ताटाकडे वळे. कात्रीचा हात बटणाकडे गेला. इथे कापू या, तो म्हणाला, नाहीतर लांबेल. भावाने मान डोलावली.

ताई खुर्चीच्या कडेशी सरकली.

"थांबा जरा," ती म्हणाली. "तिचं जेवण होऊ दे."