बोथट खुरपं

“धार लावू नका, आहे तसंच द्या,” रंजना म्हणाली.

बाजारातला लोहार खुरपं हातात धरून बघत राहिला. “बोथट खुरप्यानं गवत निघत नाही, वहिनी.”

ते तिला ठाऊक होतं. पात्यावर टिचकी मारून आवाज ऐकायचा, मग मूठ धरून बाक बघायचा, हे सासूनं तिला लग्नानंतर याच बाजारात शिकवलं होतं. पण परवा त्याच सासूनं परसातली सगळी कोथिंबीर मुळासकट खुरपून काढली आणि गवत तेवढं नीट राखलं. खुरपं काढून घेतलं, तर बोटं सोलवटेपर्यंत ती नुसत्या हातांनी माती उकरत बसली.

घरी येऊन रंजनानं नवं खुरपं सासूच्या हातात दिलं. म्हातारीनं टिचकी मारली, कान दिला, पात्यावरून अंगठा फिरवला आणि रंजनाकडे कीव आल्यासारखं पाहिलं.

“फसवलं की गं तुला, बाई. माझ्या सुनेला न्यायचं सोबत. तिच्या हातात असलं बोथट खुरपं द्यायची कुणाची छाती होत नाही.”