बर्टनशॉचं पंधरावं पुस्तक

"हॅरॉपने बूट दाराबाहेर काढले," सुभाष वाचत होता. "मयताच्या बायकोने त्याला आधी तांब्याभर पाणी दिलं आणि मगच ती रडायला बसली."

"बूट काढले?" सुनेत्राने मध्येच विचारलं.

सुभाषची जीभ अडखळली. "बाहेर पाऊस आहे ना. चिखल असणार."

"बर्टनशॉ हल्ली फारच सुधारलाय हो. पूर्वी त्याचा हा इन्स्पेक्टर साक्षीदाराची गचांडी धरायचा. आता पाणी पितो."

"वय झालं असेल त्याचं," सुभाष म्हणाला आणि घाईघाईने पुढे वाचू लागला.

क्लाइव बर्टनशॉ हा इंग्रज रहस्यकथाकार. त्याच्या पुस्तकांत सतत पाऊस, गोदीत प्रेतं, पोलीस दारुडे आणि सज्जन माणूस औषधालाही नाही. त्या रक्ताळलेल्या पुस्तकांवर सुनेत्राचा भारी जीव. शाळेच्या ग्रंथालयात वीस वर्षं काढलेली, झुरळ दिसलं तर खुर्चीवर चढणारी ही बाई खून मात्र चहासोबत चवीने वाचायची. प्रत्येक पुस्तकाला जुन्या कॅलेंडरच्या कागदाचं कव्हर घालायची. आखातातल्या महबूला वस्तीतल्या त्या दोन खोल्यांच्या घरात अशी बारा पुस्तकं ओळीने उभी होती.

तिचा उजवा डोळा लहानपणापासूनच अधू होता. गेल्या वर्षी डाव्याचा पडदा सरकला. ऑपरेशननंतर दोन आठवडे तिला पालथं झोपून राहावं लागलं. चालण्याफिरण्यापुरती नजर परत येईल, बारीक अक्षरांचं मात्र सांगता येत नाही, असं डॉक्टर असमा म्हणाल्या. तेव्हा उशीत तोंड खुपसून सुनेत्राने एवढंच विचारलं होतं, "बर्टनशॉचं तेरावं आलं की वाचून दाखवाल ना?"

त्याच आठवड्यात राई नावाच्या औद्योगिक वस्तीतल्या आपल्या गोदामात बसल्या बसल्या सुभाषने मोबाइलवर बातमी वाचली. बर्टनशॉ गेला होता. तेरावं पुस्तक त्याने लिहायलाही घेतलं नव्हतं.

हे तिला सांगायची सुभाषची छाती झाली नाही. गोदामातला त्याचा जोडीदार यासिर याने मोटारींच्या सुट्या भागांचा एक जाडजूड इंग्रजी कॅटलॉग रद्दीत टाकला होता. सुभाषने तो घरी आणला, त्याला कॅलेंडरचं कव्हर घातलं आणि बायकोच्या उशाशी बसून 'वाचायला' सुरुवात केली. इंग्रजीतून मराठी करून सांगतोय, म्हणून जरा अडखळतो, असंही बजावलं. जन्मात रजेच्या अर्जापलीकडे काही न लिहिलेला माणूस! पण तेरावं संपलं तेव्हा सुनेत्रा उठून बसली होती. चौदाव्यात ती स्वयंपाकाला लागली. आता पंधरावं चालू होतं. परवा तर तिने त्याच्या शर्टाचं तुटलेलं बटण लावून दिलं. सुईत दोरा शेजारच्या रत्नमालावहिनींनी ओवून दिला असावा.

या घराची एक रीत होती. पुस्तक अर्ध्यावर आलं की दोघांनी खुन्याचं नाव चिठ्ठीवर लिहून बिस्किटांच्या रिकाम्या डब्यात टाकायचं. ज्याचं चुकेल त्याने शुक्रवारी शिरा करायचा. आता सुनेत्रा अंदाजाने लिहायची, कागदभर थोराड, वेडीवाकडी अक्षरं. सुभाष गुपचूप तिची चिठ्ठी उघडून बघायचा आणि ती म्हणेल त्यालाच खुनी करायचा. दोन्ही वेळा शिरा त्याने केला, दोन्ही वेळा करपवला आणि तिने तो चाटूनपुसून खाल्ला.

या वेळी मात्र गाडी अडली होती. हॅरॉप तीन दिवस त्या विधवेच्या दारातून पुढे सरकत नव्हता. खून कोणी केला हे सुभाषलाच ठाऊक नव्हतं. तो तिच्या चिठ्ठीची वाट पाहत होता.

त्यातच गुरुवारी डोळ्यांची तपासणी होती. अक्षरं दिसायला लागली तर ती पहिलं पुस्तक कोणतं मागेल, हे उघड होतं. वर्षभर नवरा आपल्याशी खोटं बोलला हे एकदा कळलं, तर तिचा विश्वास पुन्हा कुठून आणायचा?

दवाखान्यात सुनेत्राने अक्षरांच्या तक्त्यावरच्या तीन ओळी वाचल्या.

"चौथी?" डॉक्टर असमांनी विचारलं.

"नुसत्या मुंग्या दिसतात, डॉक्टर."

असमांनी पुन्हा तिच्या डोळ्यात प्रकाश टाकून पाहिलं. "आत तर सगळं छान बसलंय," त्या पुटपुटल्या. "बघू. महिन्याने या."

सुभाषचा जीव भांड्यात पडला, आणि पुढच्याच क्षणी त्याला स्वतःची भयंकर लाज वाटली. रोज देवापुढे हात जोडून तो तिची नजर मागत होता आणि ती आली नाही म्हणून सुटलो असं त्याला वाटत होतं.

"एवढे गप्प का?" सुनेत्राने गाडीत विचारलं.

"काही नाही. धुळीने घसा बसलाय."

"मग आज कमी वाचा. पण वाचा हं." तिने त्याच्या गुडघ्यावर हात ठेवला. "माझी चिठ्ठी सकाळीच टाकलीय डब्यात."

घरी आल्यावर ती आल्याचा चहा टाकायला आत गेली. सुभाषने कानोसा घेतला. भांड्यांचा आवाज येत होता. त्याने हलकेच डबा उघडला आणि चिठ्ठीची घडी उलगडली.

अक्षरं या वेळी वेडीवाकडी नव्हती. ग्रंथालयाच्या कार्डावर ती लिहायची तशी बारीक, सरळ ओळ होती:

'खुनी या वेळी तुमचा तुम्ही ठरवा, माझी चिठ्ठी बघून नको. आणि अहो, अधूनमधून पान तरी उलटत जा, तीन दिवस क्लच प्लेटवरच बसला आहात.'