माणसाचं काम

"पाय आत घ्या," दिग्दर्शक म्हणाला.

डोंगरने पाय आत घेतले. गुडघे वर आले आणि त्यांच्यावरचं रेशमी पांघरूण तंबूसारखं उभं राहिलं. कॅमेऱ्यामागे कुणीतरी फिसकन हसलं.

"राजा मरतोय की कवायत करतोय?" दिग्दर्शकाने कपाळाला हात लावला. "सुताराला बोलवा."

सकाळपासून हे तिसऱ्यांदा चाललं होतं. डोंगर पावणेसात फूट उंच. पौराणिक साहसपटांत त्याने अठ्ठावीस वर्षं काढली होती. तोंड रंगवायचं, गदा उचलायची, गर्जना करायची आणि शेवटी नायकाच्या हातून मरायचं. स्टुडिओत सगळे त्याला डोंगरच म्हणत. खरं नाव बायकोपुरतं उरलं होतं.

आज पहिल्यांदा त्याला माणसाचं काम मिळालं होतं. म्हातारा राजा, नायकाचा बाप. मरताना चार वाक्यं. महिनाभर बायको भाजी निवडता निवडता नायकाची वाक्यं वाचत होती आणि तो स्वयंपाकघराच्या दारात आडवा पडून रोज मरत होता.

सुताराने पलंगाला फळी जोडली. पलंग लांबला, तर खांब आडवा आला. खांब सरकवला, तर राजवाड्याची भिंत संपली आणि मागचा विजेचा पंखा दिसू लागला.

"थोडं लहान नाही का होता येणार?" साहाय्यकाने अगदी मनापासून विचारलं.

"शाळेपासून तोच प्रयत्न चाललाय," डोंगर म्हणाला.

शेवटी दिग्दर्शकच वैतागला. "खड्ड्यात गेले पाय! नुसता चेहरा घ्या."

कॅमेरा जवळ आला. नायक उशाशी गुडघे टेकून बसला. डोंगर हळू आवाजात बोलला. इतक्या हळू, की पंखा बंद करावा लागला.

"ये, असा जवळ बस. तुला मी नेहमी लांबूनच पाहिलं. राज्य काय, कुणीही सांभाळेल. तू जेवलास का?"

नायकाला यापुढे सूड घेण्याची शपथ घ्यायची होती. त्याने नुसती मान हलवली, हो म्हणून. मग त्याला आठवलं, की आपण चुकलो. तरी तो डोंगरचा हात धरून तसाच बसून राहिला.

"कट! सुंदर!" दिग्दर्शक उठला. "शपथ नंतर वेगळी घेऊ. आता फक्त प्राण सोडताना एक गर्जना द्या."

"कुणी?"

"तुम्ही. लोक तुमच्या गर्जनेसाठीच येतात."

"साहेब, तो बाप आहे. मुलाला जेवलास का विचारतो आणि लगेच त्याच्या कानात ओरडतो?"

"अहो, पण मरणार डोंगर, आणि गर्जना नाही? लोक खुर्च्या मोडतील."

"मी नाही करणार."

अठ्ठावीस वर्षांत डोंगर कशालाच नाही म्हणाला नव्हता. आगीतून चालला होता, चिखलात पुरून घेतलं होतं, एकदा तर दोन दिवस उलटा टांगला गेला होता.

दिग्दर्शकाने घड्याळ पाहिलं. "नका करू. तुमच्या जुन्या गर्जना ढिगाने पडल्यात आपल्याकडे. त्यातलीच एखादी चिकटवू." आणि टाळी वाजवून ओरडला, "चला, जेवणाची सुट्टी!"

डोंगरच्या तळपायाची आग मस्तकात गेली. पण तिला एवढा लांबचा पल्ला गाठायचा होता. ती वर पोचेपर्यंत दिग्दर्शक दाराबाहेर गेला होता. बाकीचेही पांगले. डोंगर तसाच पडून राहिला, छताकडे बघत.

छताजवळच्या फळ्यांवर बसून दिवे सांभाळणारा म्हातारा शिडीवरून सावकाश खाली उतरला. जाता जाता पलंगापाशी थबकला.

"वीस वर्षं तुमच्यावर उजेड पाडतोय," तो म्हणाला. "वरून नुसती शिंगं आणि खांदे दिसायचे. तुमचे डोळे घारे आहेत, हे आज कळलं."

डोंगरने उशीवर मान वळवून त्याच्याकडे पाहिलं.

"आईवर गेलेत," तो म्हणाला.